मेरी अ‍ॅन शॅड केरी आणि ‘प्रोव्हिन्शियल फ्रीमन’ : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ठाणे, कळवा, डोंबिवली आणि वाशी येथे मी वृत्तपत्रांच्या इतिहासावर बोलते. मेरी अ‍ॅन शॅड केरी यांचे नाव निघाले की पुढचा आठवडाभर प्रश्न येत राहतात. त्यांत शिक्षकांचे असतात, पत्रकारिता शिकणाऱ्या मुलामुलींचे असतात आणि वाचनाची आवड असलेल्या गृहिणींचेही असतात. तेच ते प्रश्न येथे एकत्र केले आहेत. एका उत्तरातील मजकूर दुसऱ्यात पुन्हा दिलेला नाही, तेथे प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. मेरी अ‍ॅन शॅड केरी कोण होत्या, हे थोडक्यात सांगाल का?

त्या शिक्षिका, लेखिका आणि पत्रकार होत्या, आणि उतारवयात त्यांनी कायद्याची पदवीही घेतली. त्यांचा जन्म ९ ऑक्टोबर १८२३ रोजी अमेरिकेतील डेलावेअर राज्यात विल्मिंग्टन येथे झाला आणि मृत्यू ५ जून १८९३ रोजी वॉशिंग्टन येथे. कॅनडात १८५३ मध्ये सुरू झालेले ‘प्रोव्हिन्शियल फ्रीमन’ हे साप्ताहिक त्यांनी उभे केले आणि चालवले. वृत्तपत्र प्रसिद्ध करणारी आणि संपादित करणारी उत्तर अमेरिकेतील पहिली कृष्णवर्णीय स्त्री म्हणून त्यांची नोंद होते. ‘शॅड’ हे माहेरचे आडनाव आहे. १८५६ मध्ये टोरांटोतील थॉमस केरी यांच्याशी विवाह झाल्यावर ‘केरी’ जोडले गेले. त्यामुळे त्याआधीच्या लेखनावर फक्त शॅड हेच आडनाव दिसते.

२. त्या गुलामगिरीतून पळून आल्या होत्या का?

नाही. हा गैरसमज फार पसरलेला आहे. त्या स्वतंत्र घरात जन्मल्या आणि तेरा भावंडांत थोरल्या होत्या. वडील अब्राहम शॅड चर्मकाम करून जोडे बनवत आणि पळून आलेल्या गुलामांना आपल्या घरी आसरा देत. डेलावेअरमध्ये गुलामगिरी कायदेशीर होती आणि कृष्णवर्णीय मुलांना शाळेची दारे बंद होती, म्हणून १८३३ च्या सुमारास हे कुटुंब पेनसिल्व्हेनियातील वेस्ट चेस्टर येथे गेले. तेथे गुलामगिरीला विरोध करणाऱ्या क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या शाळेत मेरी अ‍ॅन शिकल्या आणि पुढे स्वतः शिकवू लागल्या. त्यांच्या लेखणीतला ताठपणा समजून घ्यायचा असेल तर हे घर डोळ्यांसमोर ठेवावे. त्यांनी दास्य भोगले नव्हते, पण रात्री दारावर थाप मारणारे भोगलेले लोक त्यांनी लहानपणापासून पाहिले होते.

३. स्वतंत्र असूनही अमेरिका सोडण्याची वेळ का आली?

१८५० मध्ये अमेरिकेच्या काँग्रेसने पळून गेलेल्या गुलामांविषयीचा नवा कायदा केला. गुलामगिरी नसलेल्या उत्तरेकडील राज्यांत पोहोचलेल्या माणसालाही पकडून मालकाच्या स्वाधीन करता येईल, अशी त्यात सोय होती. पकडलेल्या माणसाला स्वतःची साक्ष देता येत नसे आणि ज्यूरीपुढे खटलाही चालत नसे. निवाडा करणाऱ्या आयुक्ताला, माणूस मालकाकडे पाठवला तर दहा डॉलर आणि सोडून दिला तर पाच डॉलर मिळत. दर पत्रकातील हा फरक मी व्याख्यानात सांगते तेव्हा सभागृह शांत होते. या व्यवस्थेत जन्माने स्वतंत्र असलेल्या माणसालाही सुरक्षित वाटणे शक्य नव्हते, कारण एखाद्याने खोटा दावा केला तर बोलायचे कोठे? ब्रिटिश साम्राज्यात १८३४ पासून गुलामगिरी कायद्याने बंद झाली होती, म्हणून हजारो लोक सीमा ओलांडून कॅनडात गेले. मेरी अ‍ॅन १८५१ मध्ये डेट्रॉइट नदीपलीकडच्या विंडसर गावी पोहोचल्या आणि त्यांनी तेथे शाळा काढली. ही शाळा केवळ कृष्णवर्णीयांची ठेवायची नाही, येईल त्या प्रत्येक मुलासाठी दार उघडे राहील, असा त्यांचा आग्रह होता.

४. वृत्तपत्राआधी त्यांनी काय लिहिले होते?

१८४९ मध्ये उत्तरेकडील कृष्णवर्णीयांना उद्देशून लिहिलेली त्यांची एक पुस्तिका निघाली. दिखाऊ खर्च आणि उसनी ऐट सोडून कामाला लागा, असा तिचा सूर होता. त्याच सुमारास, गुलामगिरीतून निसटून नामवंत झालेले कृष्णवर्णीय नेते फ्रेडरिक डग्लस यांच्या वृत्तपत्रात त्यांचे पत्र छापून आले. सभा आणि ठराव पुरे झाले, आता बोलणे कमी आणि काम जास्त हवे, असे त्यांनी त्यात बजावले होते. तेव्हा त्यांचे वय पंचविशीचे होते.

खरे महत्त्वाचे लेखन म्हणजे १८५२ मध्ये डेट्रॉइट येथे छापलेली स्थलांतराविषयीची ४४ पानांची पुस्तिका. तिचा विषय राजकीय असूनही तिच्यात घोषणा शोधाव्या लागतात. हवामान कसे आहे, जमीन कोणत्या पोताची आहे, जंगल तोडून शेत कसे करतात, बटाटे आणि सलगम किती येतात, कोणती फळे पिकतात, गाईगुरे आणि कोंबड्या यांचे काय, जमिनीचा भाव काय, कोणत्या कारागिराला काम मिळेल, मतदानाचा हक्क कसा मिळतो, चलन कोणते, अशी प्रकरणे एकामागून एक येतात. घर सोडून अनोळखी मुलखात जाणाऱ्या माणसाला रात्री झोप लागू न देणारे प्रश्न कोणते, हे ज्याला कळते त्यालाच असे लिहिता येते. मला स्वतःला ही पुस्तिका त्यांच्या अग्रलेखांइतकीच मोठी वाटते.

५. ‘प्रोव्हिन्शियल फ्रीमन’च्या पहिल्या अंकावर तर एका पुरुषाचे नाव आहे. मग ते त्यांचे कसे?

पहिला अंक २४ मार्च १८५३ रोजी विंडसर येथून निघाला. त्यावर संपादक म्हणून सॅम्युअल रिंगगोल्ड वॉर्ड यांचे नाव होते. वॉर्ड नावाजलेले वक्ते आणि धर्मोपदेशक होते. त्यांच्या नावामुळे वर्गणीदार मिळतील आणि स्त्रीने काढलेले पत्र म्हणून वाचक पाठ फिरवणार नाहीत, असा त्यामागे हिशेब होता. वॉर्ड यांनी आपले नाव आणि पाठिंबा दिला, पण लवकरच ते गुलामगिरीविरोधी कार्यासाठी निधी जमवायला इंग्लंडला गेले. मजकूर मिळवणे, लिहिणे, छापखाना सांभाळणे आणि वर्गणी गोळा करणे हे सारे मेरी अ‍ॅन यांच्याकडे होते. पहिल्या अंकानंतर पैसे उभे करण्यात वर्ष गेले आणि २५ मार्च १८५४ पासून टोरांटोहून पत्र साप्ताहिक रूपात नियमित निघू लागले. १८५५ मध्ये त्याचा मुक्काम चॅटहॅम या गावी हलला, कारण कृष्णवर्णीय वस्ती त्या भागात मोठी होती. ‘स्वावलंबन हाच स्वातंत्र्याचा खरा मार्ग’ या आशयाचे ब्रीद पत्राच्या मथळ्याखाली असे.

६. त्यांनी आपण स्त्री असल्याचे लपवले होते, हे खरे आहे का?

सुरुवातीला ते उघड केले नव्हते, असे म्हणणे अधिक अचूक ठरेल. वृत्तपत्रावर ‘एम. ए. शॅड’ एवढेच छापले जाई, त्यामुळे वाचक तो पुरुषच समजत आणि टपालाच्या पाकिटावर ‘मिस्टर’ किंवा ‘एस्क्वायर’ लिहून पाठवत. आपल्याकडे पूर्वी पाकिटावर ‘रा. रा.’ लिहीत, तसाच हा मान. १८५४ च्या उन्हाळ्यात मेरी अ‍ॅन यांनी अंकात एक छोटी दुरुस्ती छापली. आम्हाला वारंवार ‘मिस्टर’ आणि ‘एस्क्वायर’ म्हटले जाते ते आवडत नाही, तेव्हा पहिले नाव ‘मेरी’ आहे हे येथे देतो, असा तिचा आशय होता. संपादकीय ‘आम्ही’ वापरून, एखादी छापील चूक सुधारावी तितक्या सहजपणे, त्यांनी आपले स्त्रीत्व जाहीर केले.

परिणाम मात्र सहज नव्हता. संपादक स्त्री आहे हे कळल्यावर पाठिंबा देणारे हात आखडले आणि टीका वाढली. ३० जून १८५५ च्या अंकात त्यांनी निरोपाचा अग्रलेख लिहून संपादकपद रेव्हरंड विल्यम न्यूमन यांच्याकडे सोपवले. त्या निरोपात कृष्णवर्णीय स्त्रियांसाठी एक खास ओळ आहे. तुमच्या वर्गासाठी संपादनाचे गोठलेले पाणी आम्ही फोडले आहे, आता ज्यांची इच्छा आणि कुवत असेल त्या सर्वजणी पुढे या, असे त्या सांगतात. पद सोडताना मागच्या बायकांसाठी वाट मोकळी करून देणारी ही ओळ वाचून मी प्रत्येक वेळी थांबते.

७. मग त्यांना संपादक म्हणावे की प्रकाशक?

दोन्ही म्हणावे, परंतु काळ पाहून. निरोपानंतरही त्या पत्राच्या आर्थिक बाजूच्या आणि प्रसाराच्या सूत्रधार राहिल्या. १८५६ मध्ये भाऊ आयझॅक शॅड आणि एच. फोर्ड डग्लस यांच्यासोबत त्यांचे नाव पुन्हा संपादकांत आले. त्या दौऱ्यावर असत तेव्हा बहीण अमेलिया मजकुराची बाजू सांभाळत असे. विद्यार्थ्यांनी टिपण करताना ‘संस्थापक, प्रकाशक आणि प्रमुख लेखिका’ असे लिहिले तर चूक होणार नाही.

८. पत्र चालवायला पैसा कोठून येत असे?

वर्गणी, व्याख्याने, देणग्या आणि जाहिराती यांतून, आणि तो कधीच पुरला नाही. माझे वडील ठाण्यात एका लहान छापखान्यात खिळे जुळवत. संध्याकाळी घरी येत तेव्हा हात कितीही धुतले तरी अंगठ्याच्या आणि तर्जनीच्या टोकाला शिशाचा करडेपणा राहिलेला असे. शनिवारी मालकाकडे कागदवाला आणि शाईवाला बसून असत आणि पगाराचे त्यांच्यानंतर पाहिले जाई. त्यामुळे १८५० च्या दशकातील साप्ताहिकाचा संसार मला ऐकीव वाटत नाही. अंक आधी छापावा लागतो आणि वर्गणी नंतर येते, आली तर. ‘फ्रीमन’नेही थकबाकीदारांना पुन्हा पुन्हा आठवण करून दिली आहे.

मेरी अ‍ॅन स्वतः व्याख्याने देत गावोगाव फिरल्या आणि वर्गणीदार मिळवत राहिल्या. १८५५ आणि १८५६ मध्ये त्या अमेरिकेच्या मध्य-पश्चिम राज्यांतही गेल्या. प्रश्न ३ मधील कायदा लागू असलेल्या प्रदेशात एकट्या कृष्णवर्णीय स्त्रीने, स्थलांतराचा प्रचार करत, थंडीत प्रवास करणे म्हणजे काय, याचा विचार वाचकाने करावा. ऑक्टोबर १८५५ मध्ये फिलाडेल्फियातील कृष्णवर्णीयांच्या राष्ट्रीय अधिवेशनात त्यांना प्रतिनिधी म्हणून बसू द्यावे की नाही यावर आधी वाद झाला, मग मतदान झाले आणि त्यांना प्रवेश मिळाला. बोलायला उभ्या राहिल्यावर ठरलेला वेळ संपला, तेव्हा श्रोत्यांनीच त्यांना आणखी दहा मिनिटे मिळवून दिली.

९. हेन्री बिब यांच्याशी त्यांचे भांडण कशावरून झाले? चूक कोणाची?

हेन्री बिब स्वतः गुलामगिरीतून निसटून आले होते आणि १८५१ पासून ‘व्हॉइस ऑफ द फ्युजिटिव्ह’ हे पत्र चालवत होते. विंडसरमधील दोन बुद्धिमान माणसांमध्ये मतभेद तीन गोष्टींवर होते. बिब दांपत्याला कृष्णवर्णीयांच्या स्वतंत्र शाळा चालत, मेरी अ‍ॅन यांना त्या मान्य नव्हत्या. दुसरी गोष्ट म्हणजे बिब यांचा पाठिंबा असलेली, निर्वासितांसाठी जमीन घेणारी संस्था. तिच्या नावाने देणग्या गोळा होत आणि त्यातला मोठा वाटा मध्यस्थांच्या खिशात जातो, असा मेरी अ‍ॅन यांचा आरोप होता. तिसरी गोष्ट देणग्या मागण्याच्या पद्धतीची, तिच्याविषयी प्रश्न १० पाहावा.

भांडणात त्यांचीही एक बाजू उघडी पडली. त्यांच्या शाळेला अमेरिकन मिशनरी असोसिएशनकडून वर्षाला १२५ डॉलर मिळत होते आणि पालक अल्पशी फी देणे बंद करतील या भीतीने त्यांनी ही मदत बोलून दाखवली नव्हती. बिब यांच्या पत्राने ती जाहीर केली. १८५३ मध्ये असोसिएशनने मदत थांबवली. मला त्यांच्याविषयी आदर आहे, तरीही दुसऱ्यांकडे हिशेब मागणाऱ्याने आपला हिशेब आधीच मांडायला हवा होता, असे माझे मत आहे. शाळांच्या मुद्द्यावर मात्र त्या पूर्णपणे बरोबर होत्या.

१०. निर्वासितांसाठी मदत मागण्याला त्या ‘भीक’ म्हणत. हे निष्ठुरपणाचे नाही का?

हा प्रश्न मला सर्वांत जास्त वेळा येतो आणि तो योग्य आहे. नदी ओलांडून आलेल्या माणसाजवळ अंगावरच्या कपड्यांशिवाय काही नसे, अशा वेळी जुने कपडे आणि पैसे मागू नयेत असे कसे म्हणता येईल?

मेरी अ‍ॅन यांचे म्हणणे नीट वाचले तर त्यांची टीका पैसे मागत फिरणाऱ्या प्रतिनिधींवर आहे, गरजू माणसावर नाही. कॅनडात आलेले कृष्णवर्णीय उपाशी आणि उघडे आहेत असे चित्र अमेरिकेत रंगवून हे प्रतिनिधी पैसा जमवत. त्या चित्राचा दुहेरी तोटा होत असे. एक म्हणजे येऊ पाहणारे लोक घाबरून मागे राहत. दुसरे म्हणजे स्वतंत्र केल्यावर ही माणसे स्वतःचे पोट भरू शकत नाहीत, हा गुलामांच्या मालकांचा आवडता युक्तिवाद त्यांना आयता मिळत असे. प्रत्यक्षात येथे मजुरी मिळते, जमीन विकत घेता येते, मत देता येते, हे त्यांना आकड्यांनिशी दाखवायचे होते, आणि प्रश्न ४ मधील पुस्तिकेतले बटाट्याचे प्रकरण म्हणूनच राजकीय आहे. त्यांचा सूर कधी कधी इतका तिखट होतो की आजारी आणि म्हातारे निर्वासित नजरेआड होतात, हेही मान्य केले पाहिजे. परंतु दयेच्या बदल्यात प्रतिष्ठा गहाण टाकू नका, हा त्यांचा आग्रह ज्या समाजांना परक्यांच्या दयेवर जगावे लागले आहे त्यांना लगेच उमगतो.

११. त्या जगातील पहिल्या महिला प्रकाशक होत्या का?

नाही, आणि असे फलक कृपया लावू नयेत. एलिझाबेथ टिमथी यांनी पतीच्या निधनानंतर १७३९ पासून साउथ कॅरोलायनात वृत्तपत्र चालवले होते. मेरी अ‍ॅन यांचे पहिलेपण उत्तर अमेरिकेतील कृष्णवर्णीय स्त्रियांपुरते आहे. आपल्याकडे ‘दीनबंधू’ची धुरा पतीच्या पश्चात सांभाळणाऱ्या तानुबाई बिर्जे यांचा काळ विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकाचा. टिमथी आणि तानुबाई यांच्या हाती पत्र कुटुंबातून आले. मेरी अ‍ॅन यांनी ते अविवाहित असताना, शाळामास्तरणीच्या मिळकतीवर, शून्यातून काढले. हा फरक ‘पहिली’ या शब्दापेक्षा मोलाचा आहे.

१२. आयडा बी. वेल्स म्हणजे त्याच का?

नाही. वेल्स यांचा जन्म १८६२ चा, म्हणजे त्या जवळजवळ चाळीस वर्षांनी लहान. झुंडीने होणाऱ्या हत्यांविरुद्ध त्यांनी लिहिले आणि १८९२ मध्ये मेम्फिस येथील त्यांच्या पत्राचे कार्यालय उद्ध्वस्त करण्यात आले.

१३. फुले दांपत्याशी त्यांचा काही संबंध होता का?

थेट संबंध जोडू नये, काळ मात्र एकच आहे. पुण्यात भिडेवाड्यातील शाळा १८४८ ची, विंडसरची १८५१ ची. मेरी अ‍ॅन यांनी निरोपाचा अग्रलेख लिहिला त्याच १८५५ मध्ये फुले यांच्या शाळेतील मुक्ता साळवे या मुलीचा, मांग-महारांच्या दुःखाविषयीचा निबंध ‘ज्ञानोदय’मध्ये छापून आला. जोतीरावांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ हे पुस्तक अमेरिकेतील ज्या सदाचारी लोकांना अर्पण केले, ते कृष्णवर्णीयांना दास्यातून सोडवण्यासाठी झटलेले लोक होते. मेरी अ‍ॅन यांचे आयुष्य त्याच लढ्यात गेले, त्यामुळे ती अर्पणपत्रिका वाचताना त्यांची आठवण काढणे गैर नाही.

१४. पत्र कधी आणि का बंद पडले?

१८५७ च्या आर्थिक मंदीनंतर अंक अनियमित झाले आणि दशकाच्या अखेरीस पत्र थांबले. कारण पैशाचेच. त्याच काळात, मे १८५८ मध्ये, जॉन ब्राऊन यांनी चॅटहॅम येथे गुलामगिरीविरुद्धच्या आपल्या सशस्त्र उठावाच्या तयारीसाठी बैठक घेतली होती. ‘फ्रीमन’मध्ये छपाईचे काम करणारे ऑस्बर्न अँडरसन ब्राऊन यांनी १८५९ मध्ये हार्पर्स फेरी येथील सरकारी शस्त्रागारावर केलेल्या हल्ल्यात सामील झाले आणि त्यातून निसटले. त्यांची हकीकत पुस्तकरूपाने सिद्ध करण्यास मेरी अ‍ॅन यांनी साहाय्य केले. १८६० मध्ये पती थॉमस यांचे निधन झाले आणि लहान मुलांची जबाबदारी त्यांच्यावर आली.

१५. अमेरिका सोडा असे सांगणाऱ्या त्या स्वतःच परत गेल्या. ही विसंगती नाही का?

परिस्थिती बदलली होती. अमेरिकेतील यादवी युद्ध सुरू असताना, १८६३ मध्ये राष्ट्राध्यक्ष लिंकन यांच्या मुक्तिघोषणेनंतर कृष्णवर्णीयांना सैन्यात घेतले जाऊ लागले, आणि कृष्णवर्णीय नेते मार्टिन डेलनी यांच्या विनंतीवरून त्या सैनिक भरतीच्या कामाला लागल्या. इंडियाना राज्यासाठी त्यांनी अधिकृतपणे भरती केली. युद्धानंतर दास्य संपले, तेव्हा जेथे लाखो माणसांना अक्षरओळख हवी होती तेथे शिक्षिकेने जाणे हेच सुसंगत होते.

१६. त्या वकील झाल्या का?

वॉशिंग्टनमध्ये दिवसा शाळेत शिकवून त्या हॉवर्ड विद्यापीठात संध्याकाळी कायदा शिकल्या. १८६९ मध्ये सुरू केलेले हे शिक्षण १८८३ मध्ये, वयाच्या साठाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर, पदवीपर्यंत पोहोचले. त्याआधीच १८७४ मध्ये त्यांनी काँग्रेसच्या न्यायविषयक समितीपुढे स्त्रियांच्या मताधिकाराची बाजू मांडली होती. १८८० मध्ये त्यांनी कृष्णवर्णीय स्त्रियांच्या मताधिकारासाठी संघटना स्थापन केली.

१७. ठाण्याच्या शाळेत आठवी-नववीच्या मुलांना हे कसे सांगावे?

सनावळ्या पाठ करून घेऊ नयेत, ओळखीच्या तारखांना बांधून द्याव्यात. ‘फ्रीमन’चा पहिला अंक निघाल्यावर बरोबर २३ दिवसांनी, १६ एप्रिल १८५३ रोजी, बोरीबंदरहून पहिली आगगाडी ठाण्याला आली. मेरी अ‍ॅन यांच्या मृत्यूच्या चारच दिवस आधी, १ जून १८९३ रोजी, ठाण्यात मराठी ग्रंथ संग्रहालय स्थापन झाले. हा निव्वळ योगायोग आहे, पण मुलांना काळ हाताला लागतो. त्यानंतर प्रश्न ६ मधील दुरुस्तीची गोष्ट सांगावी आणि चार ओळींत तशी दुरुस्ती लिहायला द्यावी. कळव्यातील एका वर्गात एका मुलीने लिहिले होते, ‘आमच्या नावापुढे कुमार छापू नये, आम्ही कुमारी आहोत आणि कबड्डीच्या संघनायिका आहोत.’ तिला विषय समजला होता.

१८. मूळ लेखन वाचायचे असेल तर सुरुवात कोठून करावी?

१८५२ ची पुस्तिका स्वामित्वहक्काच्या मुदतीबाहेर आहे आणि डिजिटल ग्रंथालयांत सहज मिळते. तिची इंग्रजी जुनी आहे पण वाक्ये स्पष्ट आहेत. प्रस्तावना आधी वाचावी, मग थेट जमीन, पिके आणि मजुरी यांच्या प्रकरणांकडे जावे आणि वसाहतींचा भाग प्रश्न ९ व १० डोळ्यांसमोर ठेवून शेवटी घ्यावा. वृत्तपत्राच्या उपलब्ध अंकांपैकी एकच वाचायला वेळ असेल तर ३० जून १८५५ चा घ्यावा.